ताशी किती मैल? स्टीव्ह डाल्कोव्स्की नावाचं प्रकरण

1960 च्या मोसमात बेसबॉलच्या कॅलिफोर्निया लीगमधल्या स्टॉकटन संघाच्या एका डावखुऱ्या पिचरनं, म्हणजे चेंडू टाकणाऱ्यानं, 170 इनिंग्ज टाकल्या. त्यांत त्यानं 262 बॅटर स्ट्राइकआउट केले आणि 262 वॉक दिले. छपाईची चूक वाटावी असा हा हिशेब स्टीव्ह डाल्कोव्स्कीच्या नावावर आहे. वय 21, मालक बाल्टिमोर ओरिओल्स हा मेजर लीगचा क्लब. ज्यांनी त्याला खेळताना पाहिलं त्यांतले कितीतरी जण पुढे जन्मभर सांगत राहिले, की एवढा वेगवान चेंडू आम्ही परत पाहिला नाही. 1957 ते 1965 अशी नऊ वर्षं तो मायनर लीगमध्ये खेळला. मेजर लीगचा, म्हणजे सर्वांत वरच्या पातळीचा, एकही सामना त्याच्या वाट्याला आला नाही.

त्याची गोष्ट सहसा एका दमात उरकतात: हात देवाचा, डोकं रिकामं, वर दारू. मला हे पटत नाही. मोसमागणिक आकडे शेजारी शेजारी मांडले की वेगळंच दिसतं. मालकांनी पाच वर्षं भलत्याच गोष्टीवर मेहनत घेतली, सहाव्या वर्षी एका माणसानं नेमकी गोष्ट केली, आणि तिचं फळ हाती येता येता कोपर गेलं.

आधी थोडा हिशेब समजून घेऊ

क्रिकेटवर वाढलेल्या वाचकासाठी एवढं पुरे. पिचर 60 फूट 6 इंचांवरून, म्हणजे साडेअठरा मीटरहून थोडं कमी अंतरावरून, एका काल्पनिक चौकटीत चेंडू टाकतो. चौकटीतून गेला किंवा बॅटरचा फटका हुकला तर स्ट्राइक; तीन स्ट्राइक झाले की बॅटर बाद, हा स्ट्राइकआउट. चौकटीबाहेरचे चार चेंडू बॅटरनं सोडून दिले की तो फुकटात पहिल्या बेसवर जातो, हा वॉक. बॅटरमागे बसून चेंडू झेलणाऱ्या कॅचरच्याही आवाक्यात नसलेला चेंडू म्हणजे वाइल्ड पिच. प्रतिस्पर्ध्यांचे तीन जण बाद झाले की त्यांची एक इनिंग संपते, आणि सामन्यात अशा नऊ असतात. चांगला पिचर नऊ इनिंग्जमागे तीनेक वॉक देतो. पाच दिले की कोच कपाळाला हात लावतो.

मेजर लीगच्या प्रत्येक क्लबच्या हाताखाली मायनर लीगचे संघ असतात. त्या काळात शिडी ड वर्गापासून सुरू व्हायची, मग क, ब, अ, डबल-ए आणि ट्रिपल-ए. खेळाडू क्लबच्या मालकीचा. करारातल्या राखीव कलमामुळे त्याला स्वतःहून दुसरीकडे जाता येत नसे. क्लबनं विकलं तर जायचं, सोडलं तर घरी बसायचं. शिवाय 1953 ते 1957 या काळात एक विचित्र नियम होता. करार करताना खेळाडूला 4,000 डॉलरपेक्षा जास्त बोनस दिला, तर त्याला दोन वर्षं मेजर लीगच्या संघातच ठेवावं लागे. क्लबला पोरगा खाली शिकायला पाठवायचा असेल तर कागदावर चारच हजार दाखवायचे. डाल्कोव्स्कीच्या कागदावर 4,000 आहेत. टेबलाखालून आणखी काही हजार आणि एक गाडी मिळाल्याचं सांगतात.

न्यू ब्रिटन ते किंग्जपोर्ट

कनेटिकटमधलं न्यू ब्रिटन हे कारखान्यांचं गाव. तिथे 3 जून 1939 ला त्याचा जन्म झाला. शाळेत तो अमेरिकन फुटबॉलही खेळायचा, क्वार्टरबॅक म्हणून, म्हणजे संघाच्या चाली चालवणारा, आणि त्या संघानं सलग दोन वर्षं विजेतेपद मिळवलं. बेसबॉलमध्ये एका सामन्यात त्यानं 24 स्ट्राइकआउट घेतले. बांधा मात्र अगदी साधा: पाच फूट अकरा इंच, जाड भिंगांचा चष्मा, शांत, कुणाच्या अध्यात ना मध्यात. हा एवढा वेग येतो कुठून, हे बघणाऱ्यांना कळायचं नाही. बरेच जण मनगटाच्या झटक्याकडे बोट दाखवत.

1957 च्या उन्हाळ्यात ओरिओल्सनी त्याला टेनेसीतल्या किंग्जपोर्टला, ड वर्गात पाठवलं. तिथला मोसम असा: 62 इनिंग्ज, 121 स्ट्राइकआउट, 129 वॉक, 39 वाइल्ड पिच. एक सामना जिंकला, आठ हरला. नऊ इनिंग्जमागे जवळजवळ एकोणीस वॉक झाले!

त्या मोसमातला 31 ऑगस्टचा सामना जवळून बघण्यासारखा आहे. समोर ब्लूफिल्डचा संघ. डाल्कोव्स्कीनं 24 बॅटर स्ट्राइकआउट केले. अख्ख्या सामन्यात प्रतिस्पर्ध्यांचे 27 जण बाद करायचे असतात, त्यातले 24 यानं एकट्यानं गारद केले, आणि तरीही सामना 8-4 असा हरला. कारण त्याच सामन्यात त्यानं 18 वॉक दिले, चौघांच्या अंगावर चेंडू घातले आणि सहा वाइल्ड पिच टाकले. ब्लूफिल्डच्या पोरांना बॅट फिरवायची गरजच नव्हती. उभं राहायचं, जीव मुठीत धरायचा आणि चार चेंडू मोजायचे.

त्याच वर्षी त्याचा एक चेंडू एका बॅटरच्या डोक्याला लागला. त्या पोराचा कान फाटला आणि तो परत खेळला नाही, असं सांगतात. डाल्कोव्स्की स्वभावानं मवाळ होता, आपल्या हातून कुणाचा तरी जीव जाईल याची भीती त्याला कायम होती, असं त्याच्या जवळचे लोक म्हणत. ही भीती किती खरी, किती मागाहून चिकटवलेली, ठरवणं अवघड आहे. पण अठरा वर्षांच्या पोराच्या मनावर अशा चेंडूचा काहीच परिणाम झाला नसेल हे मानणंही तितकंच अवघड. त्याच्यावर पुढे इतके उपाय झाले, पण या बाजूनं कुणी त्याच्याशी बोलल्याचं कुठे वाचायला मिळत नाही.

वेग मोजण्याचा खटाटोप

1958 मध्ये ओरिओल्सनी त्याला मेरिलँडमधल्या अ‍ॅबर्डीन प्रूव्हिंग ग्राउंडला नेलं. हा लष्कराचा तळ. तोफगोळ्यांचा वेग मोजायची यंत्रं तिथे होती. (याच नावाच्या साउथ डकोटातल्या गावच्या संघाकडूनही तो खेळला. दोन्हींची सरमिसळ फार होते.) यंत्राला एक ठरावीक जागा होती, चेंडू त्यातूनच जायला हवा. ज्याला चौकट सापडत नाही म्हणून सगळी चिंता, त्याच्याच वेगाची परीक्षा अशा यंत्रावर! आदल्या दिवशी तो सामना खेळलेला. पायाखाली पिचरचा नेहमीचा उंचवटा नाही, सपाट जमीन. एक चेंडू यंत्रातून नीट जायला 40 मिनिटं लागली म्हणतात. आकडा आला ताशी 93.5 मैल, म्हणजे साधारण 150 किलोमीटर.

आकडा ऐकून लोक निराश होतात, कारण आज शंभर मैलांचे चेंडू रोज पडतात. पण आजचं रडार चेंडू हातातून सुटताच वेग धरतं आणि तेव्हाची यंत्रं उड्डाणाच्या शेवटी मोजायची. तेवढ्या अंतरात चेंडूचा वेग आठेक मैलांनी उतरतो. थकलेला हात आणि सपाट जमीन जमेस धरली तर तो शंभरीच्या पुढे होता याबद्दल मला शंका नाही. 110, 115 वगैरे आकडे मात्र मी मानत नाही. मेजर लीगमध्ये आजवर मोजलेला सर्वाधिक वेग 105.8 मैल आहे, आरोल्डिस चॅपमनचा, सप्टेंबर 2010 मधला.

खरा मुद्दा वेगळाच आहे. पोरगा शिडीच्या तळाशी चाचपडत असताना क्लबनं मोजायला घेतलं ते काय, तर जे त्याच्याकडे आधीच उदंड होतं ते. ही खोड जुनी आहे आणि गेलेलीही नाही. 2008 मध्ये भारतात वेगवान फेकीची एक स्पर्धा झाली. त्यातून उत्तर प्रदेशातले भालाफेकपटू रिंकू सिंग आणि दिनेश पटेल अमेरिकेत गेले आणि पिट्सबर्ग पायरेट्सच्या मायनर लीगमध्ये दाखल झाले. दोघांनी तोवर बेसबॉल हातातही धरला नव्हता. निवड झाली ती वेगावर. पटेल लवकर परतला. रिंकूनं चिकाटीनं सिंगल-ए पर्यंत मजल मारली, मग कोपराची शस्त्रक्रिया झाली आणि पुढे तो कुस्तीच्या रिंगणात गेला.

उपाय

डाल्कोव्स्कीवर झालेले उपाय वाचताना हसावं की चिडावं कळत नाही. चौकटीएवढं भोक पाडलेली लाकडी फळी समोर ठेवून त्यातून चेंडू काढायला सांगितलं, तर फळीच्या ढलप्या उडाल्या. बॅटर जिथे उभा राहतो त्या प्लेटच्या दोन्ही बाजूंना दोन बॅटर उभे करून मधून टाकायला लावलं. पंधरा फुटांवरून टाकायला लावलं. सामन्याआधी तासभर टाकून हात थकव, म्हणजे वेग आपोआप उतरेल आणि चेंडू सरळ जाईल, हेही झालं. प्रत्येक गावी नवा मॅनेजर, नवा कोच, नवी युक्ती. वर्गही सतत बदलत राहिला: ड वर्गातून थेट अ, मग पुन्हा खाली, पुन्हा ड, मग क, मग ब. कुठल्याही एका माणसाच्या हाताखाली तो धड दोन वर्षं राहिला नाही.

आणि टाकून घ्यायचे तेही बेहिशेबी. एका सामन्यात त्यानं 283 चेंडू टाकल्याचं सांगितलं जातं. आज शंभराच्या आसपास पिचरला बाहेर काढतात.

दारू याच काळात वाढली. फ्लोरिडातल्या पेन्साकोलाच्या संघात 1959 मध्ये बो बेलिन्स्की त्याच्या सोबतीला होता, आणि दोघांच्या रात्रींचे किस्से अजून चवीनं सांगतात. बेलिन्स्की पुढे 1962 मध्ये एंजल्सकडून नो-हिटर, म्हणजे प्रतिस्पर्ध्यांना एकही यशस्वी फटका मारू न दिलेला सामना, टाकून देशभर गाजला. दोघेही सारखेच प्यायचे. एक वर पोचला, एक नाही. त्यामुळे दारूला एकमेव कारण धरणं मला सोयीस्कर वाटतं. दारूनं पुढे त्याचं आयुष्य खाल्लं हे खरंच, पण त्याच्या वॉकचा हिशेब तिच्यावर टाकता येत नाही. शाळेतून नुकत्याच आलेल्या पोरानं 1957 मध्येच नऊ इनिंग्जमागे एकोणीस वॉक दिले होते.

स्टॉकटनमधल्या 1960 च्या मोसमात हा आकडा चौदाच्या जवळ आला. सुधारणा म्हणायची, तर 1961 मध्ये वॉशिंग्टन राज्यातल्या ट्राय-सिटी संघात पुन्हा सतरावर गेला: 103 इनिंग्ज, 150 स्ट्राइकआउट, 196 वॉक. पाच वर्षं झाली होती.

एल्माइरा, 1962

सहाव्या वर्षी त्याला न्यूयॉर्क राज्यातल्या एल्माइराला पाठवलं, ईस्टर्न लीगमध्ये, अ वर्गात. मॅनेजर अर्ल वीव्हर. हा स्वतः बारा-तेरा वर्षं मायनर लीगमध्ये सेकंड बेस खेळलेला आणि मेजर लीगचा उंबरा कधीच न ओलांडलेला गडी. पुढे त्यानं ओरिओल्सला शिखरावर नेलं आणि 1996 मध्ये हॉल ऑफ फेममध्ये, म्हणजे बेसबॉलच्या थोरांच्या मानाच्या यादीत, गेला, पण तेव्हा तो तिशीतला खालच्या वर्गाचा मॅनेजर होता.

वीव्हरनं खेळाडूंची बुद्धिमापन चाचणी घ्यायला लावली. डाल्कोव्स्की सगळ्यात तळाच्या एक टक्क्यात आला. या आकड्यावर मला फार वजन टाकवत नाही. क्वार्टरबॅक म्हणून डझनावारी चाली पाठ ठेवून संघाला विजेतेपद मिळवून देणारा पोरगा कागदी परीक्षेत तळाला जात असेल, तर परीक्षेबद्दलही दोन प्रश्न विचारायला हवेत. पण वीव्हरनं त्यातून काढलेला निष्कर्ष कामाचा होता. या पोराला पाच वर्षं एकाच वेळी शंभर गोष्टी सांगितल्या गेल्या. आता कमी सांगायचं.

मग त्यानं काय सांगितलं? नवे चेंडू शिकणं बंद, फक्त फास्टबॉल आणि स्लायडर, म्हणजे शेवटी बाजूला सरकणारा चेंडू. चौकटीचे कोपरे शोधायचे नाहीत, सरळ मधोमध टाकायचं. जोर थोडा हात राखून. दोन स्ट्राइक झाले की मी डगआउटमधून, म्हणजे मैदानाकडेच्या संघाच्या बाकांवरून, शिट्टी मारीन, तेव्हा काय असेल ते सगळं लाव. बस्स.

त्या मोसमाचा हिशेब: 160 इनिंग्ज, 192 स्ट्राइकआउट, 114 वॉक, सहा शटआउट (प्रतिस्पर्ध्यांना एकही धाव न दिलेले सामने), आणि दर नऊ इनिंग्जमागे स्वतःच्या खात्यावरच्या धावा 3.04. आदल्या वर्षी हाच आकडा आठच्या वर होता. वॉक सतरावरून साडेसहाच्या खाली आले. वीव्हर पुढे सांगायचा की मोसमाच्या अखेरच्या पन्नासेक इनिंग्जमध्ये त्यानं शंभराहून जास्त स्ट्राइकआउट घेतले, वॉक अकराच, धाव एकच. मागाहून जुने स्कोअरकार्ड तपासणाऱ्यांना हे आकडे जुळवता आले नाहीत, वीव्हरनं तिखटमीठ लावलं असणार. लावू दे. पूर्ण मोसमाचे छापील आकडेच बोलके आहेत, त्यांना गोष्टीची गरज नाही.

हा योगायोग होता का? याला एक जोड आहे. सँडी कूफॅक्सही डावखुरा, तोही वेगवान आणि बेताल. 1954 च्या अखेरीस ब्रुकलिन डॉजर्सनी त्याला चार हजारांच्या मर्यादेपलीकडचा बोनस दिला, त्यामुळे त्याच नियमानं त्याला थेट मेजर लीगमध्ये ठेवावं लागलं. तिथे तो सहा वर्षं धडपडला. 1961 च्या वसंतातल्या एका सराव सामन्यात कॅचर नॉर्म शेरीनं त्याला सांगितलं, जोर कमी कर, बॅटरला मारू दे. 1960 मध्ये कूफॅक्सनं 175 इनिंग्जमध्ये 100 वॉक दिले होते. 1961 मध्ये 255 इनिंग्ज झाल्या आणि वॉक 96. पुढची पाच वर्षं बेसबॉलमध्ये त्याच्यासारखा कुणी नव्हता. सल्ला तोच, परिणामही त्याच दिशेचा. फरक एवढाच, की कूफॅक्सला सल्ला मिळाला तेव्हा तो आधीच वर होता, आणि पुढच्याच मोसमात त्याचा हात तुटला नाही.

मायामी, मार्च 1963

1963 च्या सराव शिबिरात डाल्कोव्स्की ओरिओल्सच्या मुख्य संघाबरोबर होता आणि सगळं सुरळीत चाललं होतं. संघात त्याची जागा पक्की झाल्याचं त्याला कळलं होतं, मेजर लीगच्या गणवेशाचं मापही घेतलं होतं. त्याच सुमारास, महिन्याच्या चौथ्या आठवड्यात, यांकीज संघाविरुद्धचा सराव सामना झाला. कुणी म्हणतं फिल लिन्झ या बॅटरला स्लायडर टाकताना, कुणी म्हणतं जिम बाउटननं बॅटनं हळूच समोर ढकललेला चेंडू उचलून पहिल्या बेसकडे फेकताना, कोपरात काहीतरी तुटल्यासारखं झालं. यापुढे तो वेग परत आला नाही.

कोपरातला फाटलेला स्नायुबंध काढून त्या जागी दुसरीकडचा कंडरा बसवायची शस्त्रक्रिया डॉ. फ्रँक जोब यांनी पहिल्यांदा सप्टेंबर 1974 मध्ये केली, टॉमी जॉन या पिचरवर. त्याच्या 288 विजयांपैकी 164 शस्त्रक्रियेनंतरचे आहेत. डाल्कोव्स्कीच्या कोपरात नेमकं काय तुटलं हे आज कुणी छातीठोक सांगू शकत नाही, पण 1963 मध्ये अशा दुखण्यावर उपाय म्हणजे विश्रांती, इंजेक्शन आणि आशा. दोन वर्षं तो आणखी रेटत राहिला. ओरिओल्सनी सोडलं, आणखी दोन क्लबांच्या खालच्या संघांत त्यानं नशीब अजमावलं. 1965 मध्ये, 26 व्या वर्षी, संपलं. सगळे मोसम मिळून 46 सामने जिंकले, 80 हरले. स्ट्राइकआउट तेराशेच्या वर, वॉक बाराशेच्या वर.

नंतर

शाळेनंतर एकच धंदा केलेला. कॅलिफोर्नियातल्या सान होआकिन खोऱ्यात तो हंगामी शेतमजूर झाला. ओळीच्या टोकाला बाटली ठेवायची आणि तिथवर तोडत जायचं, अशी त्याच्या तोडणीची आठवण सांगतात. लग्न मोडलं, अटका झाल्या. जुन्या व्यावसायिक खेळाडूंच्या मदत संस्थेनं अनेकदा उपचारांचा खर्च केला. बरा व्हायचा, पुन्हा प्यायचा, शेवटी त्यांनीही हात टेकले. मेजर लीगचं पेन्शन तिथल्या सेवाकाळावर ठरतं. याचा सेवाकाळ शून्य दिवसांचा.

1992 च्या नाताळात तो लॉस एंजेलिसमधल्या एका लाँड्रीत हरवलेल्या अवस्थेत सापडला. 1994 मध्ये बहिणीनं त्याला न्यू ब्रिटनला आणून शुश्रूषागृहात ठेवलं. दारूमुळे स्मृती गेलेली, 1960 च्या दशकाच्या मध्यानंतरचं जवळपास काहीच आठवत नव्हतं. डॉक्टरांना फार आशा नव्हती, पण दारू सुटली आणि तो पुढे पंचवीस वर्षं जगला. 2003 मध्ये बाल्टिमोरच्या कॅम्डेन यार्ड्सवर त्याच्या हस्ते सामन्याचा पहिला चेंडू टाकला गेला. 19 एप्रिल 2020 ला न्यू ब्रिटनमध्ये कोविडनं त्याचा मृत्यू झाला, वय 80.

या प्रकरणातला पैशाचा भाग सुधारायला फार वेळ गेला. मायनर लीगच्या खेळाडूंना संघटना मिळाली ती 2022 मध्ये, आणि 2023 च्या पहिल्या सामूहिक करारानं डबल-एचा वार्षिक पगार सुमारे 13,800 डॉलरवरून 30,250 वर, ट्रिपल-एचा 17,500 वरून 35,800 वर गेला. म्हणजे डाल्कोव्स्की वारला तेव्हाही सर्वांत वरच्या मायनर वर्गातला पिचर मोसमाबाहेर कुठेतरी मालाची पोती उचलत असण्याची शक्यता दाट होती.

शास्त्राचा भाग मात्र उलट्या दिशेनं गेला. डिसेंबर 2024 मध्ये मेजर लीग बेसबॉलनं पिचरांच्या दुखापतींवर स्वतःचा अहवाल काढला. 2008 ते 2024 या काळात सरासरी फास्टबॉल 91.3 मैलांवरून 94.2 वर गेला आहे, आणि कोपरांच्या शस्त्रक्रिया वाढण्यामागे वेगाचा पाठलाग आणि प्रत्येक चेंडूवर पूर्ण जोर लावण्याची सवय आहे, असं त्यात म्हटलं आहे. पिचरांनी सामनाभर ताकद राखून खेळावं यासाठी नियम बदलता येतील का, हा विचारही त्या अहवालात मांडला आहे. एल्माइराच्या डगआउटमध्ये 1962 साली एवढ्यासाठी एक शिट्टी पुरली होती.